समुद्र लांबून बघायचा असतो

मी मुरुडची. जंजिऱ्याचं नव्हे, दापोलीजवळचं. मागच्या दारातून निघून पोफळीच्या बागेतनं सरळ चालत गेलं की पुळण लागते, इतका समुद्र जवळ. तरी वयाच्या एक्केचाळिसाव्या वर्षापर्यंत मी त्यात गुडघ्याच्या वर कधी उतरले नव्हते. पोहायला शिकले ती पुण्यात, क्लोरीनच्या वासाच्या तलावात. आमच्याकडे समुद्र बघायचा असतो, रात्री अंथरुणात पडून ऐकायचा असतो, नारळी पौर्णिमेला त्याला नारळ द्यायचा असतो. डुंबायला येतात ते पाहुणे, आणि दर पावसाळ्यात त्यांच्यातल्या कुणाची तरी बातमी होते. आजी म्हणायची, "तो देतो तसा नेतो. लांबून नमस्कार करावा."

तर अशी मी आयर्लंडमध्ये, गॉलवेला येऊन पडले. इथे माणसं जानेवारीत समुद्रात उतरतात! सॉल्टहिलच्या किनारी रस्त्याच्या टोकाला ब्लॅकरॉकचा पिवळा मनोरा आहे, त्यावरून सत्तरीतल्या आज्या गारठ्यात उड्या मारतात आणि वर येऊन हवापाण्याच्या गप्पा मारत अंग पुसतात. मी सहा वर्षं जाकिटाची चेन गळ्यापर्यंत ओढून हे बघत आले. इथल्या रिवाजाप्रमाणे रस्ता संपला की भिंतीला एक लाथ हळूच मारायची आणि परत फिरायचं, एवढीच माझी मजल.

या सप्टेंबरात ऑफिसातल्या मैत्रिणींनी वाढदिवसाला एक तिकीट हातात ठेवलं. भल्या पहाटे किनाऱ्यावरून फेरफटका, वाटेत लोककथा, शेवटी समुद्रात पोहणं आणि वर चहा. किंमत ३५ युरो. आईला फोनवर सांगितलं तर तिने लगेच शंभराने गुणलं. "साडेतीन हजार? पाण्यात जायचे? आपल्याकडे ये, फुकट जा."

जागा होती फ्लॅगी शोअर, गॉलवेच्या आखातापलीकडे क्लेअर परगण्यात. ओरनमोर, किनवारा अशी गावं अंधारातच मागे टाकत पन्नासेक मिनिटांनी पोचलो. साडेसहाला आम्ही नऊ जणं, डोक्याला बॅटऱ्या बांधलेली. आमची गाइडबाई साठीची, निवृत्त शिक्षिका. लोकरीची टोपी, आत फर असलेला घोट्यापर्यंतचा झगा आणि पायात चक्क सपाता. तिने आधी भरतीची वेळ सांगितली, साडेसातच्या आसपास. पौर्णिमा होऊन तीन दिवस झाले होते. मी मनात आमचं गणित मांडलं. तिथीची पाऊणपट करायची की भरतीची वेळ निघते, हे कोकणात शेंबड्या पोराला येतं. तृतीया, म्हणजे सव्वादोन. पाच तासांनी चुकलं! समुद्र एकच म्हणतात, पण घड्याळ प्रत्येक किनाऱ्याचं वेगळं. गॉलवेला उधाणाच्या दिवसांत ओहोटी आणि भरतीत पाच-पाच मीटरचा फरक पडतो. चुकीच्या वेळी आलात तर पाण्याऐवजी नुसते खडक भेटतात.

आणि खडक काय, बघत राहावे असे. जांभ्याच्या लाल मातीत वाढलेल्या माणसाला ही राखाडी चुनखडी परग्रहावरची वाटते. पायाखाली मोठमोठ्या फरश्या, त्यांच्यामध्ये हातभर खोल भेगा. गाइडबाईने एका फरशीवर बॅटरी तिरपी धरली तर दगडात पोवळ्यांचे ठसे उमटलेले दिसले, मधमाश्यांच्या पोळ्यासारखे. तेहतीस कोटी वर्षांपूर्वी हा उथळ, उबदार समुद्राचा तळ होता. "तेव्हा पोहायला यायला हवं होतं," शेजारचा एक जण कुडकुडत म्हणाला.

वाटेत एक मोठं जुनं घर लागतं. लेडी ग्रेगरी इथे उन्हाळ्यात राहायची. डब्लिनच्या ॲबी थिएटरच्या संस्थापकांपैकी एक म्हणून तिचं नाव घेतात, पण त्याआधीपासून ती आयरिश भाषा शिकून झोपड्यांत आणि गरिबांच्या आश्रयगृहांत जाऊन म्हाताऱ्याकोताऱ्यांकडून गोष्टी लिहून घेत होती. जमीनदारीण होती, म्हणजे समोरच्यांनी तिला सगळंच सांगितलं असेल असं मला वाटत नाही. पण जे सांगितलं ते टिकलं.

घराच्या पुढे रस्त्याच्या आतल्या अंगाला एक तळं आहे, लॉक मरी. समुद्र आणि तळं यांच्यात जेमतेम एक रस्ता. उजाडायला लागलं होतं आणि तळ्यात पांढरे ठिपके हलत होते. राजहंस. बाईने आम्हाला बांधावर बसवलं आणि लिरच्या मुलांची गोष्ट सुरू केली.

लिरला चार मुलं. थोरली फिनूला, मग तिचे तीन भाऊ. आई गेली, सावत्र आई आली, तिचं नाव ईफा. तिला मुलांचा मत्सर वाटू लागला. एके दिवशी तिने त्यांना डेरावारा नावाच्या तळ्यावर नेलं, पाण्यात उतरवलं आणि त्यांचे हंस केले. ३०० वर्षं त्या तळ्यात, ३०० वर्षं आयर्लंड आणि स्कॉटलंडमधल्या मॉयलच्या समुद्रात, ३०० वर्षं पश्चिमेच्या इनिशग्लोरा बेटापाशी. आवाज मात्र माणसाचा राहू दिला. हंस बोलत आणि गात. मॉयलच्या समुद्रात वादळाने चौघांची ताटातूट झाली. फिनूला सील नावाच्या समुद्री प्राण्यांच्या खडकावर वाट बघत बसली आणि एकेक भाऊ गारठून परत आला, तसं तिने एकाला उजव्या पंखाखाली घेतलं, एकाला डाव्या आणि एकाला छातीशी.

बाईने हे सांगताना स्वतःच्या झग्याच्या बाह्या पसरल्या. एवढंच. पण समोर खरे हंस माना पिसांत खुपसून झोपलेले, वाऱ्याला मिठाचा वास, आणि त्या क्षणी ते नऊशे वर्षांचं गणित अजिबात खोटं वाटेना.

एक गोष्ट मात्र मला इथे आल्यापासून सुटलेली नाही. आयर्लंडमध्ये ईफा हे मुलीचं लाडकं नाव. पाळणाघराच्या दारात हाक मारली तर दोघी-तिघी वळून बघतील. आपल्याकडे कुणी हौसेने मुलीचं नाव कैकेयी ठेवेल का? मी हे विचारलं तेव्हा बाई हसली. म्हणाली, जुन्या कथांत ईफा नावाची एक बलाढ्य योद्धाही आहे, आम्ही तिची आठवण ठेवतो. सोयीस्कर आहे खरं!

पुढे चालताना विषय सीलांवर आला. या किनाऱ्यावरच्या गोष्टींत सील आपली कातडी उतरवून बाई होते. कुणी कोळी ती कातडी लपवतो, लग्न करतो, मुलंबाळं होतात. मग एखाद्या दिवशी माळ्यावर किंवा छपराच्या गवतात मुलांनाच ती सापडते, आणि आई पाठ फिरवून समुद्रात निघून जाते. कॉनीमाराकडे कॉनीली आडनावाचे लोक स्वतःला सीलांचे वंशज म्हणवत, म्हणून ते सील मारत नसत. मला यात देवकाची आठवण झाली. पंचपल्लव किंवा मोर ज्यांचं देवक, ते त्याला इजा करत नाहीत, तसंच हे. गटातल्या एका तरुणीला ही प्रेमकथा वाटली. मला तरी ती सासरच्या घरात आपलं सामान शोधत राहिलेल्या बाईची गोष्ट वाटली.

पण माझ्या मनात घर करून राहिलं ते बाईने पाण्याच्या कडेला उभं राहून सांगितलेलं. पूर्वी या किनाऱ्यावरच्या पुष्कळ मच्छीमारांना पोहायला यायचंच नाही, आणि शिकायचंही नसायचं. बोट उलटली तर पोहणाऱ्याचे हाल फक्त लांबतात. शिवाय समुद्राने ज्याला मागितलं त्याला ओढून काढलं, तर तो दुसऱ्या कुणाला तरी नेईल, अशी समजूत. सकाळी होडीकडे जाताना लाल केसांची बाई आडवी आली तर माणूस घरी परत. गॉलवेच्या क्लाडा वस्तीतल्या कोळ्यांपुढे कोल्ह्याचं नाव काढलं तरी त्या दिवशी होडी सुटत नसे. मी ऐकत होते आणि आजी कानात बोलत होती. तो देतो तसा नेतो. म्हणजे इथल्या आज्याही मुळात आमच्यासारख्याच होत्या तर! पिवळ्या मनोऱ्यावरून उड्या मारणाऱ्या आज्या नंतरच्या.

सव्वासातला सूर्य आला. पाण्याचं तापमान बाईने दोरीला बांधलेल्या तापमापकाने मोजलं, १४.५. "छान कोमट," ती म्हणाली, आणि ती थट्टा करत नव्हती. इथे फेब्रुवारी-मार्चात पाणी आठ-नऊ अंशांपर्यंत उतरतं.

नियम तिने आयरिश बाईच्या मानाने फारच थोडक्यात सांगितले. उडी नाही, चालत उतरायचं. गार पाणी छातीला लागलं की श्वास आपसूक आत ओढला जातो आणि धाप लागते, बुडणारी माणसं बरेचदा याच मिनिटात बुडतात. तेव्हा पोहायची घाई न करता श्वास सोडत उभं राहायचं, एक-दोन मिनिटांत तो ताळ्यावर येतो. एकटं लांब जायचं नाही. कमरेला भडक नारिंगी फुगा बांधायचा. आणि बाहेर आल्यावर लगेच कोरडे कपडे, कारण बाहेर आल्यावरही शरीराच्या आतलं तापमान काही वेळ उतरतच राहतं.

मी उतरले. खडकांवर निसरडं शेवाळ, त्यातून धारदार शिंपल्यांचे काठ. पोटापर्यंत ठीक होतं. छातीला पाणी लागलं आणि तोंडातून आवाज आला तो शुद्ध मुरुडचा, "आई गो!" सगळे वळून बघायला लागले. श्वास खरोखरच आपला राहत नाही. कुणी दुसरंच आतून भाता ओढतंय असं वाटतं. मी मोजत राहिले. पन्नासच्या पुढे कधीतरी खांदे सैल पडले आणि हातांना पाणी जाड, रेशमी लागायला लागलं. मी पाय उचलले.

बारा हात मारले असतील. पंधरा म्हणा. तेवढ्यात पलीकडे पाण्यातून एक काळं, गोल, ओलं डोकं वर आलं. मोठाले डोळे, मिशा. पाच-सात सेकंद आमच्याकडे बघितलं आणि बुडी मारली. कुणीच काही बोललं नाही. "कॉनीली" असं मागून कुणीतरी पुटपुटलं आणि मग मात्र सगळे हसले.

सहा मिनिटांत बाहेर. त्यानंतरची दहा मिनिटं जास्त कठीण होती, कारण बोटं बधिर होऊन बटणं लागत नव्हती. बाईने मला माझा स्वेटर उलटाच घातला, लहान मुलाला घालतात तसा. चहा मात्र आपल्या जवळचा, कडक उकळलेला, दुधाचा. सोबत सोडा ब्रेड आणि डिलिस्क नावाचं जांभळट वाळवलेलं शेवाळ, चघळायला खारट. कालवांचा हंगामही नुकताच सुरू झालेला. जवळच न्यू कीच्या धक्क्यावर ती कच्ची, लिंबू पिळून खातात. मी म्हटलं, आमच्याकडे कालवांचं तिखट कालवण करतात. यावर तिथे थोडा वाद झाला. मी हरले नाही.

घरी येऊन दुपारी आईला फोन लावला. सगळं सांगितलं, सील, हंस, उलटा स्वेटर.

"पाणी गार?"

"फ्रीजमधलं काढून थोडा वेळ ओट्यावर ठेवलेलं असतं ना, तसं."

"आधी हात जोडलेस का?"

विसरले होते. पुढच्या वेळी नक्की, म्हटलं. ती काही बोलली नाही. तिच्या मागे समुद्राचा आवाज येत होता, मागचं दार उघडं असणार. पंचेचाळीस वर्षं ती त्या घरात आहे.

मग हळूच म्हणाली, "आतनंही तसाच असतो का गो, बाहेरनं दिसतो तसा?"