शूर्पणखेला कात्री

शेक्सपिअरची 37 नाटकं 97 मिनिटांत! रिड्यूस्ड शेक्सपिअर कंपनी नावाच्या अमेरिकी मंडळींचा हा उद्योग. 1981 साली कॅलिफोर्नियातल्या जत्रांमधून टोपी फिरवत सुरू झालेला हा खेळ पुढे लंडनच्या क्रायटेरियन थिएटरात नऊ वर्षं ठाण मांडून बसला. नट तिघंच. राजेरजवाड्यांची नाटकं म्हणजे मुकुटाचा चेंडू करून खेळलेला फुटबॉल, आणि 'टायटस'मधला रक्तपात टीव्हीवरच्या पाककृतीसारखा. मला भावतं ते त्यांचं बेहिशेबी वाटप. बाकी सगळं मध्यंतराआधी उरकायचं आणि नंतर एकटा 'हॅम्लेट'. तोही मग भरभर, त्याहून भरभर आणि शेवटी चक्क उलटा.

हसू येतं, कारण मूळ गोष्ट आपल्याला अर्धीमुर्धी आठवत असते. काहीच ठाऊक नसलेला ढिम्म बसतो आणि सगळं पाठ असलेला चुका काढतो.

आपल्याकडे हे काम कधीच होऊन गेलंय, तेही न हसता. एकश्लोकी रामायण घ्या. वनवास, सोन्याचं हरीण, सीताहरण, जटायू, सुग्रीव, लंकादहन, रावणवध. चार ओळींत खेळ खलास. पण त्यात शूर्पणखा नाही! पंचवटीच्या माणसाला हे झोंबणारच. ज्या नाकावरून गावाचं नाव पडलं असं आम्ही पाहुण्यांना सांगतो, त्या नाकाचा उल्लेखच नाही. मग रावण चिडला कशावर? (लक्ष्मणही नाही म्हणा. कापणार कोण?)

कात्री चालवावी तर शिरवाडकरांसारखी. 'नटसम्राट'वर लिअरची सावली आहे, पण लिअरला तीन मुली आणि बेलवलकरांना एक मुलगा, एक मुलगी. जीव लावणारी धाकटी कॉर्डेलिया गाळली, आणि म्हाताऱ्याला जायला घरच उरलं नाही.

'संपूर्ण नाशिक, 97 मिनिटांत' असा प्रयोग कालिदास कलामंदिरात कुणीतरी लावायला हवा. सामग्री भरपूर आहे. 1909 साली विजयानंद थिएटरात अनंत कान्हेरेंनी कलेक्टर जॅक्सनला गोळ्या घातल्या, त्याही 'शारदा'च्या खेळाला. नाटकात नाटक, हॅम्लेटला लाजवेल असं. सिंहस्थ मिनिटभरात होईल : साधू येतात, रस्ते बंद, साधू जातात, रस्ते बंदच. अडेल ते काळाराम मंदिराशी. 1930 मध्ये आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेला सत्याग्रह सुमारे पाच वर्षं चालला. दाराबाहेर इतकी वर्षं उभं राहणं हाच तिथला प्रसंग. तो अडीच मिनिटांत बसवला तर उरतं काय? तिथे त्या तिघांनी खुशाल घड्याळ काढून ठेवावं.

आणि प्रेक्षक गप्प बसतील असं थोडंच आहे! नाशिकरोडचा कुणी उठून विचारणार, "आमचा नोटांचा छापखाना कुठंय?" त्र्यंबकवाले दादासाहेब फाळक्यांसाठी अडून बसणार. द्राक्षबागायतदार म्हणणार, आम्हाला संवाद नको, नुसतं एक घड टेबलावर ठेवा. मधल्या रांगेतले आजोबा पेशव्यांपासून सुरुवात करतील, आणि स्टेजवरचे तिघे मुकाट्याने खुर्च्या ओढून ऐकत बसतील.