इंग्रजांना बोलावणारा राजा

आफ्रिकेतल्या लेसोथोच्या राजधानीत, मासेरूला, गणित शिकवून परत आल्यापासून लग्न असो की बारसं, कुणीतरी विचारतंच: "ज्या राजाने इंग्रजांना स्वतःहून बोलावलं, त्याला तिकडे नोटेवर छापतात? म्हणजे दुसरा बाजीरावच की!" वसईचा तह सगळ्यांचाच पाठ, त्यामुळे माझं पुढचं कुणी ऐकत नाही. तुम्ही विचारलंत म्हणून त्या मोशोएशो राजाचं एकदाच सांगते.

बाजीरावाला गादी परत हवी होती. लेसोथोच्या मोशोएशोची गादी शाबूत होती, पायाखालची जमीन चालली होती. 1865 साली शेजारच्या ऑरेंज फ्री स्टेटच्या बोअरांनी, म्हणजे तिथे वसलेल्या डच वंशाच्या गोऱ्यांनी, चढाई केली. राजाचं ठाणं असलेला थाबा बोसिऊचा डोंगर काही त्यांना घेता आला नाही, मग खालची पिकं जाळली, गुरं हाकून नेली. म्हणून त्याने इंग्रजांना बोलावलं, आणि मार्च 1868 मध्ये मुलूख इंग्लंडच्या राणीच्या छत्राखाली गेला. तरी मोहोकारे नदीपलीकडची सुपीक जमीन 1869 च्या तहात गेली ती गेलीच.

तुमचा हा प्रश्न मीही विचारून बसले आहे, तोही चुकीच्या माणसाला. जुलै महिना, मासेरूच्या पुलावर पासपोर्टची रांग. खाली मोहोकारे नदी, त्या दिवसांत घोटाभर पाणी. बरोबर आमच्या शाळेतल्या इतिहासाच्या बाई, खांद्याशी पिन लावून पांघरलेलं जाड ब्लँकेट. पलीकडच्या नांगरलेल्या शेतांकडे बोट करून म्हणाल्या, "आमच्या पणजोबांची गुरं तिथे चरायची." मी गमतीत म्हटलं, "मग इंग्रजांना बोलावून काय मिळवलंत?" बाई हसल्या नाहीत. रांग थोडी सरकल्यावर म्हणाल्या, "पलीकडे, दक्षिण आफ्रिकेत, 1913 साली कायदा झाला. देशातली सातेक टक्के जमीन काळ्यांना, बाकीची विकत घ्यायची नाही. नदीच्या अलीकडे, आमच्याकडे, गोऱ्याला जमीन विकलीच जात नव्हती. तुझ्या देशात कुणी राखली अशी?" पुढे बरेच दिवस त्या माझ्याशी कामापुरतंच बोलत होत्या.

आणि ही माणसं इंग्रजांपुढे माना तुकवून बसली होती असंही नाही. 1871 साली त्यांना न विचारता लंडनने मुलूख इंग्रजांच्याच केप वसाहतीच्या हवाली केला. 1880 मध्ये केपने फर्मावलं, बंदुका जमा करा. किम्बर्लीच्या हिऱ्याच्या खाणीत राबून घेतलेल्या बंदुका! लढले. बंदुका हातातच राहिल्या आणि 1884 साली केपने अंग काढून घेतलं. त्याच सुमारास, 1878 मध्ये, लिटनने आपल्याकडे शस्त्रकायदा आणला. आपण काय केलं?

बरं, आता माझ्याच विरुद्ध बोलते. इंग्रजांनी झोपडीमागे कर वसूल केला, रोजगार उभा केला नाही. पुरुष पिढ्यान्‌पिढ्या पलीकडच्या खाणींत गेले. बाईंचे दोन्ही भाऊसुद्धा. चहूबाजूंनी एकच शेजारी. जानेवारी 1986 मध्ये त्याने नाकेबंदी केली, तर तीन आठवड्यांच्या आत लष्कराने सरकार उलथवलं. मग राखलं काय, असं मीच मला विचारते. की लगेच ते 1913 आठवतं, आणि पुन्हा बाईंच्या बाजूने भांडायला लागते.