तुम्ही विचारलंत म्हणून : हेलेनाबाई इंग्रजीत कशा उभ्या राहिल्या?

वॉर्सात शिखरावर असलेली पोलिश नटी, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, आयत्या वेळी शिकलेल्या इंग्रजीत नायिका कशी झाली? हेलेना मोद्झेयेव्स्काचा विषय निघाला की हा प्रश्न येतोच. बाईंना भाषांची देणगी होती, हे नेहमीचं उत्तर मला अपुरं वाटतं. बाईंनी पहिलं नाटक अचूक निवडलं.

१८७६ साली नवरा आणि मित्रांबरोबर त्या कॅलिफोर्नियात ॲनाहाइमला शेती करायला गेल्या. कादंबरीकार शेन्क्येविचही त्या मंडळींत होते. शेतीतलं कुणालाच कळत नव्हतं, पैसे संपले. मग सॅन फ्रान्सिस्कोत काही महिने इंग्रजीची शिकवणी, आणि २० ऑगस्ट १८७७ रोजी कॅलिफोर्निया थिएटरात ‘आद्रिएन लकुव्रर’ हे नाटक.

हेच का? १८६८ मध्ये वॉर्सा जिंकलं ते याच भूमिकेने. नक्कल, म्हणजे आपल्या भूमिकेचे संवाद, पोलिशमध्ये अंगात मुरलेली. कुठे थांबायचं, कुठे वळायचं, पाचव्या अंकात नायिकेला विष कसं चढत जातं, सगळं बसलेलं. बदलायचे फक्त शब्द. नायिका फ्रेंच, त्यामुळे परके उच्चार खटकत नाहीत. आणि मुख्य म्हणजे नाटक गद्यात.

पोलिशमध्ये आघात, म्हणजे उच्चारातला जोर, जवळपास नेहमी शेवटून दुसऱ्या अक्षरावर पडतो. इंग्रजीत तो शब्दागणिक पाठ करावा लागतो. गद्यात एखादा चुकला तर प्रेक्षक सांभाळून घेतो. शेक्सपियरच्या दहा अक्षरी ओळीत साधारणपणे सम अक्षरांवर ठोका असतो. एक घसरला की ओळ लंगडते. शिवाय समोरच्या नटाचे शेवटचे शब्द कानाने पकडता आले नाहीत तर आपलं वाक्य उशिरा पडतं. म्हणून स्वतःच्या नक्कलेइतकीच दुसऱ्याची वाक्यंही घोटावी लागतात.

(जेवणाच्या टेबलावर नुसती पोलिश मुळाक्षरं म्हणून त्यांनी पाहुण्यांना रडवलं, ही दंतकथा मजेशीर आहे, पण मुळाक्षरांवर तीन तासांचा प्रयोग निघत नाही.)

त्यांची प्रत्येक निवड फळली असं नाही. १८८३ मध्ये लुइव्हिलला इब्सेनच्या ‘अ डॉल्स हाउस’मधली नोरा ‘थोरा’ नावाने केली, तीही शेवट गोड करून. तो प्रयोग तिथेच थांबला. शेक्सपियरमध्ये मात्र त्या रुळल्या, उच्चार पोलिश वळणाचे राहूनही. १८८९-९० च्या दौऱ्यात अमेरिकन नट एडविन बूथसमोर ऑफेलिया आणि पोर्शिया करणारी नटी याच बाई.