जमीन आमचीच होती, मग शिक्षा कशी?

जमिनीच्या भांडणात माणूस मेला, तर जमीन आमची असूनही शिक्षा कशी होते, असं तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. उच्च न्यायालयात वकील म्हणून फौजदारी अपिलं चालवायला लागल्यापासून हा प्रश्न मला सगळ्यात जास्त ऐकावा लागलाय: "जमीन आमचीच होती, हे दाखवलं तर आमचा माणूस सुटेल ना?" विचारणारी बहुतेकदा आरोपीची बायको, आई नाहीतर बहीण असते. पिशवीतून आधी सातबारा निघतो, मग फेरफार, मोजणीचा नकाशा, आजोबांच्या नावचं खरेदीखत. सत्र न्यायालयाचा निकाल सगळ्यात तळाला असतो.

नाही, तेवढ्यानं सुटत नाही. हे मी पहिल्याच भेटीत सांगते, कारण तुरुंगातल्या माणसाच्या घरच्यांना वर्षानुवर्षं चुकीच्या आशेवर ठेवणं मला पाप वाटतं.

फौजदारी न्यायालय मालकी ठरवायला बसलेलं नसतं. मारहाण झाली त्या दिवशी जमिनीचा ताबा कोणाकडे होता, हे ते बघतं. मुन्शीराम (1968) आणि पूरन सिंग (1975) या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानं सांगितलेली गोष्ट शेतकऱ्याच्या पचनी पडत नाही, पण ती समजून घ्यायलाच हवी. हक्क नसताना घुसलेल्या माणसाचा ताबाही एकदा स्थिरावला, म्हणजे मालकाला माहीत असून बराच काळ चालत राहिला, की खऱ्या मालकालासुद्धा त्याला बळानं हुसकता येत नाही. शेतजमिनीच्या बाबतीत तर न्यायालयानं खूणच दिली आहे: घुसणाऱ्यानं तिथं पीक घेतलंय का? घेतलं असेल तर मालकानं ते मोडायचं नाही, कोर्टात जायचं. म्हणून अपिलात मालकीहक्काच्या कागदांपेक्षा पेरणी कोणी केली होती, हे जास्त मोलाचं ठरू शकतं.

ताबा आपला असला तरी अडचण संपत नाही. मालमत्तेच्या बचावाचा हक्क कायदा देतो, पण कोणी नुसता बांध ओलांडून आत आला म्हणून त्याचा जीव घेण्याचा हक्क देत नाही. जिवाची किंवा जबर दुखापतीची खरीखुरी भीती असेल तरच बचाव तिथवर जाऊ शकतो. तो हक्क होता पण हात सैल सुटला, असं दिसलं तर खून सदोष मनुष्यवधावर येतो. 1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहिता आली आणि कलमांचे आकडे बदलले. त्याआधीच्या घटना मात्र जुन्या दंड संहितेखालीच चालतात, त्यामुळे आमच्या तोंडी अजून 302 (खून), 304 (सदोष मनुष्यवध, खुनाहून हलका गुन्हा) आणि 149 हेच आहेत.

या 149 वर मी सर्वांत जास्त रात्री घालवल्यात. पाच किंवा जास्त माणसांचा बेकायदा जमाव, एक समान उद्देश, आणि मग एकानं केलेल्या वाराचा दोष सगळ्यांवर. कुऱ्हाड एकानं चालवलेली असते, फिर्यादीत नावं मात्र अख्ख्या भावकीची. हे नेहमी खोटंच असतं असं मी म्हणणार नाही. ज्याच्या डोळ्यांदेखत मुलगा पडला, त्याला कोण किती अंतरावर उभं होतं हे मोजता येत नाही. मसल्टी खटल्यात, अशाच मोठ्या जमावाच्या प्रकरणात, एकापेक्षा अधिक साक्षीदार त्या माणसाबद्दल सुसंगत सांगतात का, ही कसोटी सर्वोच्च न्यायालयानं मान्य केली. अपिलात मी प्रत्येक आरोपीसाठी वेगळा कागद करते: याचं नाव कोणी घेतलं, हातात काय होतं म्हटलं, तशी जखम शवविच्छेदनात आहे का.

अशाच एका अपिलात एका म्हाताऱ्या चुलत्याच्या हातात काठी दाखवली होती. मयताच्या अंगावर काठीची एकही जखम नव्हती. अपील सुनावणीला येण्याआधीच ते तुरुंगात वारले. आरोपी मेला की त्याचं अपील संपतं, पण जवळच्या नातेवाईकाला तीस दिवसांत ते पुढं चालवायची परवानगी मागता येते. त्यांची मुलगी सव्विसाव्या दिवशी आली. वडिलांच्या नावापुढचा शब्द पुसायचाय, एवढंच म्हणाली. पुसला गेला.

मयताच्या बाजूनंही मी उभी राहिले आहे. 2009 च्या अखेरीपासून पीडिताच्या कुटुंबाला निर्दोष सुटकेविरुद्ध स्वतः अपील करता येतं. तिथं सुटलेल्या आरोपीच्या निर्दोषपणाचं गृहीतक दुहेरी झालेलं असतं, एक कायद्यानं आधीच धरलेलं, दुसरं सुटकेच्या निकालानं पक्कं झालेलं, आणि ते एका आईला समजावणं हे माझ्या कामातलं सगळ्यात जड काम आहे.

आता त्या पिशवीकडे परत येते. कागद बघून झाले की मी एकच विचारते, "त्या दिवशी यांना स्वतःला कुठं लागलं होतं का?" एका बाईंनी सांगितलं, "डोक्याला सहा टाके पडले होते. पण ते कुणी विचारलंच नाही." आरोपीच्या अंगावरच्या गंभीर जखमांचा खुलासा फिर्यादी पक्षानं केला नाही, तर घटनेचं मूळच लपवलं जातंय अशी शंका घ्यायला जागा होते, लक्ष्मी सिंग खटल्यात 1976 साली हे स्पष्ट झालंय. त्या बाईंच्या दिरानं समोरच्यांविरुद्ध उलट फिर्यादही दिली होती. असे दोन्ही बाजूंचे खटले एकाच न्यायाधीशानं एकामागोमाग ऐकावेत, असं नाथीलाल प्रकरणात सांगितलेलं आहे. इथं ते झालं नव्हतं. आमच्या अपिलात अर्धीच मारामारी नोंदलेली होती.

दवाखान्याचा दाखला तपासाच्या कागदांतच सापडला, कोणी त्यावर प्रश्न विचारला नव्हता. डॉक्टरांच्या साक्षीत एक ओळ होती, त्या ओळीवर मी पाऊण तास बोलले. झटापट अचानक झाली, दोन्हीकडून झाली, हे मान्य झालं. 302 चं 304 झालं आणि भोगलेली आठ वर्षं पुरेशी धरली गेली.

त्या बाई निकालाच्या दिवशी सातबारा घेऊन आल्या होत्या. तो मी न उघडता परत दिला. जमिनीचा दावा दिवाणी न्यायालयात अजून चालू आहे, तिथं लागेल.