नवे कपडे जुने करताना

कोल्हापूरच्या भानू अथैया यांना ‘गांधी’ चित्रपटाच्या वेशभूषेसाठी १९८३ साली ऑस्कर मिळाले, हे आम्हाला पदविकेच्या पहिल्याच तासाला सांगितले गेले होते. त्यामुळे मी एका मराठी मालिकेत साहाय्यक वेशभूषाकार म्हणून लागले, तेव्हा आपल्याला रेखाटने काढायला मिळतील अशी माझी भाबडी समजूत होती. प्रत्यक्षात गोरेगावच्या चित्रनगरीत माझ्या वाट्याला आली ती कंटिन्युइटीची वही. मालिकेतले प्रसंग क्रमाने चित्रित होत नाहीत; नायिका दारातून बाहेर पडते ते आज आणि तीच अंगणात पाऊल टाकते ते आठवड्याने, असे सर्रास चालते. म्हणून पदराची पिन कुठे, बांगड्या किती, टिकली केवढी, याची छायाचित्रांसह नोंद ठेवावी लागते. एकदा दोन हिरव्या बांगड्या कमी पडल्या आणि अर्धा प्रसंग पुन्हा चित्रित करावा लागला. दिग्दर्शक काहीच बोलले नाहीत, जेवणाच्या सुट्टीत ड्रेसदादा, म्हणजे सेटवर कपडे सांभाळणारे, मात्र म्हणाले, “ताई, डोक्यावर भरवसा ठेवू नका, वहीत लिहा.”

मोबदला नव्वद दिवसांनी मिळायचा. एका निर्मात्याकडचे दोन महिन्यांचे पैसे तर अजून आलेले नाहीत.

पुढे चित्रपट मिळाला तो गिरणगावचा, १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या गिरणी संपाच्या काळातला. मंगळदास मार्केटमधून पॉपलीन आणून मी शर्ट शिवून घेतले. पण लूक टेस्टमध्ये, म्हणजे कलाकारांना कपडे घालून कॅमेऱ्यासमोर पाहताना, आमचे कामगार शाळेच्या स्नेहसंमेलनातले वाटले. मग धुणे, चहाच्या पाण्यात बुडवणे, कोपरांवर काचकागद घासणे आणि ओल्या खिशात दगड घालून ते लोंबवणे असे चार दिवस चालले. ते शर्ट मी लालबागच्या चाळीतल्या एका निवृत्त कामगारांना दाखवले, तर ते हसले. “गिरणीच्या खात्यात त्या उकाड्यात शर्ट घालून कोण उभं राहणार, पोरी? शर्ट खुंटीला, अंगात बनियन. आणि कॉलर फाटली की उलटवून शिवायची.” माझी कोपरे घासण्याची सारी मेहनत वाया गेली. शिंपी मास्तरांनी कॉलरी उसवून उलट्या शिवल्या, तेव्हा आतला न विटलेला रंग वर आला आणि शर्ट एकदम कोणाचा तरी झाला.

संप लांबत गेला तसा तोच शर्ट विरत गेलेला दिसायला हवा होता, म्हणून प्रत्येक शर्टाच्या तीन अवस्था तयार केल्या. चित्रीकरण इथेही क्रमाने नव्हतेच. मी मालिकेतल्यासारखीच एक वही घातली आणि कॉलरीच्या आत लाल दोऱ्याने एक, दोन, तीन असे आकडे घालून घेतले.