सँटोरिनीचं असिर्टिको : भर ऑगस्टात पीएच तीनच्या खाली

नाशिकच्या वायनरीत लॅब सांभाळल्यावर ग्रीसमधे सँटोरिनी बेटावर एका छोट्या वायनरीत हार्वेस्टचं काम मिळालं, तिथल्या ऑगस्टमधला हा एक दिवस, असिर्टिको ह्या तिथल्या पांढऱ्या वाइनच्या द्राक्षाच्या तोडणीचा.

पहाटेच बागेत गेलो. मांडव नाही, तारा नाहीत, ठिबक तर नाहीच, नुसतं राखाडी प्युमिसचं, म्हणजे ज्वालामुखीच्या हलक्या सच्छिद्र दगडाचं रान आणि त्यात जमिनीलगत टोपलीसारखे विणलेले वेल. काड्या वर्षानुवर्षं गोल गुंडाळत नेतात, त्याला कुलूरा म्हणतात, घड आतल्या बाजूला, म्हणजे मेल्टेमी हा उन्हाळ्यातला जोराचा वारा आणि ऊन थेट लागत नाही. तोडायचं तर उकिडवं बसायचं, पानं सारून हात आत घालायचा, देठ चाचपायचा आणि मग चाकू. मांड्या भरून येतात अक्षरशः. शेजारच्या ओळीतल्या आजी मात्र सरसर पुढे.

त्यांनी एका वेलाचं बूड दाखवलं, माझ्या मनगटापेक्षा कितीतरी जाड. टोपली म्हातारी होऊन माल कमी झाला की ती कापतात आणि त्याच मुळावर नवी धरतात, हे मूळ त्यांच्या सासऱ्यांच्याही आधीचं. कलम नाही, खुंट (खाली दुसऱ्या जातीचं मूळ) नाही! चिकणमाती नसलेल्या ह्या ज्वालामुखीच्या मातीत फायलोक्सेरा ही मुळांवरची कीड, जिच्यापायी जगभर खुंट लावतात, टिकतच नाही. आपल्याकडे द्राक्षात डॉगरीजसारख्या खुंटाशिवाय पान हलत नाही.

दुपारी लॅबमधे ज्यूस तपासला तर ब्रिक्स (साखरेचं माप) 23 आणि पीएच 2.9 (तो जितका कमी तितकं आम्ल जास्त). विश्वासच बसेना. नाशिकला एवढी साखर चढेपर्यंत आम्ल उतरलेलं असतं, आम्ही टार्टारिक ॲसिड घालून घालून थकतो. मीटर बफरने परत कॅलिब्रेट केला, नवा सँपल घेतला, तरी तेच. वाइनमेकर म्हणाली, मातीत पोटॅशियम फार कमी आहे, ते जास्त असलं की टार्टारिक धरून खाली बसतं आणि पीएच वर जातो, शिवाय असिर्टिको जातच आम्ल सोडत नाही. घोट घेतला, गोड आहे पण लिंबासारखा दात आंबवणारा. काय चीज आहे राव!

पण एकरी उत्पन्न जेमतेम टनभर, आणि आजींच्या बागेला लागूनच व्हिला उभ्या राहिल्यात, पलीकडच्या तुकड्याचीही बोलणी चालू आहेत म्हणे. हे ऐकून फार वाईट वाटलं, अशा जुन्या मुळांच्या बागांवर बांधकामाला सरळ बंदीच हवी.