तुम्ही विचारलंत म्हणून: सलाईन म्हटलं की मी आडवा का येतो

गावात कोणी आजारी पडलं आणि घरचे म्हणाले, "एक सलाईन लावून घेऊ, ताकद येईल," की मी मध्ये पडतो. आधी विचारतो, निजताना उशा किती लागतात? रात्री उठून बसावं लागतं का? तिथून वाद सुरू होतो. गेल्या पंधरवड्यात तिघांनी हेच विचारलं, "सलाईनचं एवढं वावडं काहून तुले? पाणीच तं असते." काका तर तोंडावर म्हणाले की मी लोकांना दवाखान्यापासून तोडतो. मी कोणाला तोडत नाही. हगवण-उलट्यांनी सुकलेल्या माणसाला सलाईन जीव देते, हे मलाही कळतं. पण ज्याला आडवं पडता येत नाही, त्याच्या शिरेत बाटली सोडायला माझा विरोध आहे. का, ते सांगतो.

ताईचं तुम्हाला माहीत आहे, म्हणून लग्न-सासर सोडून देतो. डिसेंबर 2009. ताईला सातवा महिना, बाळंतपणाला माहेरी आलेली. खोकला तीन वर्षांपासूनचा. थुंकीत कधी कधी रक्ताची रेघ यायची, म्हणून टीबीची तपासणी दोनदा झाली, दोन्ही वेळा काही निघालं नाही. मग कोणी म्हणालं, कापूस वेचून वेचून छातीत रुई बसली. कोणी दमा म्हणालं आणि पंप सुरू झाला. पंपाने कधी बरं वाटायचं, कधी नाही.

त्या वर्षी मधल्या खोलीत कापूस भरून ठेवला होता. ताई त्या ढिगाला टेकून बसल्या बसल्या झोपायची. सकाळी मी कापूस सारखा करायला गेलो की ढिगात तिच्या पाठीचा खळगा दिसायचा. रोज दिसायचा, आणि रोज मी तो हाताने भरून टाकायचो. रात्री दोन-तीनला ती दार उघडून ओट्यावर जाऊन बसायची. आई विचारायची, ती म्हणायची, आत कोंडल्यासारखं होते. थोड्या वेळाने आत यायची. आम्हाला वाटायचं, पोटुशी बाई आहे, होतं असं.

मी सायन्सने बारावी केलेला माणूस. हृदयाची आकृती काढून, चारही कप्प्यांना नावं देऊन मार्क घेतले होते. त्या खळग्याचा आणि त्या आकृतीचा संबंध माझ्या डोक्यात आला नाही.

त्या संध्याकाळी ती फार थकली होती. दोन दिवस धड जेवली नव्हती. मोटारसायकलवर बसवून तिला बाजाराच्या गावी डॉक्टरकडे नेलं. त्यांनी नळी लावून छाती, पाठ ऐकली. म्हणाले, पाठीत खालपर्यंत आवाज आहे, हिला आत्ताच जिल्ह्याला न्या. मी म्हणालो, डॉक्टरसाहेब, आधी एक सलाईन लावा, अंगात दम तरी येऊ द्या, एवढ्या दूर कशी नेऊ. त्यांनी एकदा नाही म्हटलं. मी दुसऱ्यांदा म्हणालो, माझा आवाज चढला होता. बाहेर पाच-सात पेशंट ऐकत होते. त्यांनी लावली.

ताई म्हणाली, "मले निजवू नोको, भाऊ. बसू दे." सुईचा हात हलत होता, म्हणून मी तिचे दोन्ही खांदे धरून तिला खाटेवर दाबलं. ती उठायला बघायची, मी दाबायचो. मला वाटत होतं, घाबरली आहे. बाटली अर्धी झाली असेल, तिच्या छातीतून भाताच्या आधणासारखी खदखद ऐकू यायला लागली. दारात उभ्या माणसालाही ऐकू जावी एवढी. कपाळ ओलं, ओठ जांभळट. मग खोकला आला आणि पदरावर फेस आला. नुसतं रक्त नव्हे, नुसती थुंकीही नव्हे. गुलाबी, बारीक बुडबुड्यांचा फेस. तो पुसला की परत यायचा.

डॉक्टरांनी धावत येऊन सुई ओढली, तिला बसतं केलं, पाय खाटेखाली सोडले आणि लघवीवाटे अंगातलं पाणी काढणारं लॅसिक्सचं इंजेक्शन दिलं. तेव्हा 108 ची गाडी नव्हती, ती महाराष्ट्रात 2014 साली आली. काळीपिवळी मिळाली. यवतमाळपर्यंत तासाभराचा रस्ता. ती समोरच्या सीटची पाठ दोन्ही हातांनी धरून, पुढे वाकून बसली होती, आणि मी तिच्या पाठीवर हात ठेवून होतो. हाताखाली ती खदखद लागत होती. दवाखान्यात ऑक्सिजन लागला, आणखी इंजेक्शनं झाली, भरपूर लघवी झाली, तेव्हा पहाटे कुठे श्वास खाली बसला. ती वाचली. पोटातलं लेकरू तिसऱ्या दिवशी मेलेलं जन्मलं. मुलगा होता.

आजार दम्याचा नव्हता. हृदयाच्या डाव्या बाजूला, वरच्या आणि खालच्या कप्प्याच्या मध्ये दोन पाकळ्यांची झडप असते. धडधाकट माणसात ती चार ते सहा चौरस सेंटिमीटर उघडते. ताईची एकही भरत नव्हती, इकोत, म्हणजे हृदयाच्या सोनोग्राफीत, 0.8 निघाली. डॉक्टरांनी विचारलं, लहानपणी सांधे धरले होते का? धरले होते. दहा वर्षांची असताना घसा आला, मग ताप, मग आज गुडघा सुजला, चार दिवसांनी घोटा, मग कोपर. आजीने बिब्बा घातला होता. सांधे बरे झाले, आम्ही विसरलो. घशातल्या जंतूंशी लढता लढता शरीर स्वतःच्याच झडपेवर उलटतं, आणि ती झडप वर्षानुवर्षं जाड होत, चिकटत जाते.

हे मला माझ्या विहिरीवर समजलं, म्हणून तसंच सांगतो. मोटार चालू आहे आणि पुढचा वॉल अर्धा बंद आहे. मोटारीला काही झालेलं नाही, पाईपही चांगला आहे, पण मधल्या लाईनीत दाब वाढतो आणि प्रत्येक जोडातून पाणी झिरपतं. हृदयाची उजवी बाजू ही मोटार. ती फुप्फुसात रक्त ढकलतच राहते. डाव्या बाजूला झडप उघडत नाही. मधली लाईन म्हणजे फुप्फुसातल्या केसाहून बारीक रक्तवाहिन्या. त्या तुंबतात. तिथला दाब एरवी पाऱ्याच्या 12 मिलिमीटरच्या आत असतो. तो 25 च्या वर गेला की रक्तातलं पाणी भिंतीतून पाझरून हवेच्या पिशव्यांत उतरतं. हवेची जागा पाण्याने घेतली की माणूस कोरड्या खाटेवर बुडायला लागतो. दाबाने एखादी बारीक शीर फुटली तर थुंकीत रक्ताची रेघ येते. आणि श्वासनळ्यांच्या भोवती ओल धरली की शिट्टीही वाजते, म्हणून तो दमा वाटतो.

आडवं पडलं की पायातलं, पोटातलं रक्त छातीकडे परत येतं, म्हणून तिला निजता येत नव्हतं. गरोदरपणात रक्त जवळपास दीडपट होतं आणि नाडी जलद चालते. नाडी जलद म्हणजे झडपेतून रक्त उतरायला दर ठोक्यामागे वेळ कमी. सातव्या-आठव्या महिन्यात हे सगळं कळसाला पोचतं. त्यात मी वरून बाटली सोडायला लावली आणि तिला आडवी दाबून धरली.

आता मी माझ्याशीच भांडतो. तेव्हाचा मी म्हणतो, तुला काय ठाऊक होतं? दोन तपासण्या, तीन डॉक्टर, कोणाला कळलं नाही, तुला कसं कळणार? आपल्याकडे अशक्तपणा म्हणजे सलाईन, तू काय वेगळं केलंस? खरं आहे. मी म्हणतो, पण ती बसू दे म्हणत होती. तिच्या शरीराला कळलं होतं, आणि तू तिच्यापेक्षा जास्त शहाणा झालास. यावर तेव्हाच्या माझ्याकडे उत्तर नाही. पण दवाखान्यातल्या मोठ्या डॉक्टरांना मी सरळ विचारलं होतं, बाटलीने झालं का? ते म्हणाले, एवढी अरुंद झडप आणि सातवा महिना, हे कोणत्याही रात्री होऊ शकलं असतं. बाटलीने भर पडली असेल. "असेल" या शब्दावर मी पंधरा वर्षं अडकलो आहे.

आणि त्या गावच्या डॉक्टरला शिव्या घालणाऱ्यांनाही सांगतो, सुई ओढून तिला बसवणारे तेच होते. बाटली मी मागितली होती.

तुंबण्याचं कारण दरवेळी झडपच असते असं नाही. हार्ट अटॅकनंतर डावी बाजू दुबळी पडली तरी हेच होतं. किडनी बंद पडलेल्या माणसाचा डायलिसिस चुकला की पाणी जायला वाट उरत नाही. लाल विंचू डसल्यावर काही तासांत फेस येऊन धडधाकट पोरं गेलेली आपण ऐकली आहेत, तेही विषाने हृदयावर ताण येऊन फुप्फुसात भरलेलं पाणीच. नागपूरच्या मेडिकलमध्ये शिकलेल्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी महाडला रक्तवाहिन्या सैल करणारी प्राझोसिनची गोळी देऊन असे कितीतरी रोगी वाचवले. तेव्हा काका, मी दवाखान्याविरुद्ध नाही.

ताईची झडप नंतर नागपूरला फुग्याने मोकळी केली. मांडीच्या शिरेतून नळी वर नेऊन, झडपेत फुगा फुगवून चिकटलेल्या पाकळ्या सोडवतात. जपानच्या इनोउए यांनी ही रीत 1984 मध्ये मांडली. छाती कापावी लागली नाही. घशातले ते जंतू परत उलटू नयेत म्हणून दर 21 दिवसांनी पेनिसिलिनचं इंजेक्शन ती अजून घेते, तारीख तिच्यापेक्षा मला जास्त पाठ आहे. दुसरं मूल तिने होऊ दिलं नाही.

मागच्या दिवाळीला ती आली होती. मी पहिल्यांदा तिच्यासमोर त्या रात्रीचा विषय काढला. म्हणालो, ताई, बाटलीचा हट्ट माझा होता. ती फराळाचे डबे पुसत होती. म्हणाली, "तुहा कायचा? मीच मांगतली होती ना. लय थकवा आला होता." मी म्हणालो, नाही, तू तर बसू दे म्हणत होतीस. ती म्हणाली, "ते मंग." आणि झाकण लावून डबा फळीवर ठेवला.

तिने खरंच मागितली होती का, मला आठवत नाही. मला माझा चढलेला आवाज आठवतो आणि हाताखालचे तिचे खांदे आठवतात. दिवाळीच्या त्या रात्री ती मधल्या खोलीत झोपली. मी दोनदा उठून दारातून पाहून आलो. एका उशीवर होती.